तांडेल गल्लीतील विहीर

पार्से,
ता. १४ ऑक्टोबर १९७३

चि. गुरुदास यास,
दादाचे अनेक आशीर्वाद. वि. वि. देवीच्या कृपेने आम्ही दोघे येथे सुखरूप आहोत. तूही तेथे तसाच असशील असे धरून चालतो, कारण तुझे पत्र येऊन अडीच महिने झाले.

कापणी उरकली. सखल भागातले भात थोडे लोळले, बाकी ठीक. माझ्या वर्गात यंदा सत्तावीस मुले आहेत आणि फळा एकच, तोही तडकलेला. तुझी वहिनी काजूच्या बागेत घसरून पडली होती, आता चालते. आपली पद्मावती गणेशचवथीला सर्वणहून माहेरी आली होती. तिने तुझ्या आळसाची चौकशी केली. मी सांगितले की त्याची प्रकृती उत्तम आहे.

आता पुस्तकाविषयी. मुंबईच्या विहिरी आणि पाणपोयांवरची आठ प्रकरणे लिहून झाली. मुंबईच्या इतिहासाची बावीस पुस्तके माझ्या पेटीत आहेत, त्यांतली सहा तूच रस्त्यावरून घेऊन पाठवलीस. ज्या शहरात पाऊल टाकले नाही त्याचे पुस्तक लिहितो म्हणून हेडमास्तर हसतात. त्यांचे चूक नाही. पण देवळातला सांजदिवा आपल्या घराकडे आहे आणि घरातला एक पुरुष गावात राहिलाच पाहिजे. बाबा गेले तेव्हा थोरला म्हणून मी राहिलो, तू गेलास. त्याचे मला कधी वाईट वाटले नाही. तू पाहिलेस ते मी पाहिले, असेच मी समजतो.

नववे प्रकरण अडले आहे. बाबा मांडवी बंदरावर अकरा वर्षे हमाली करत होते. समुद्रापासून चाळीस पावलांवर गोड्या पाण्याची एक विहीर होती आणि आपल्याकडचे सगळे हमाल तिथे पाणी प्यायचे, असे ते सांगत. एका पुस्तकात ‘गोवेकर हमालांची विहीर’ एवढा उल्लेख सापडला, पत्ता नाही. दुसऱ्यातल्या जुन्या नकाशात बंदरामागे तांडेल गल्लीच्या तोंडाशी एक लहानसे वर्तुळ आहे. माझी खात्री आहे की ते तेच. एका रविवारी तू तिथे जा. विहीर आहे का, पायऱ्या किती, दगडावर काही कोरले आहे का, पाणी गोड की मचूळ, एवढेच पाहून कळव. तुझ्या खोलीजवळून ट्राम धरलीस तर अर्ध्या तासात पोचशील.

या पत्राला उत्तर लिहिलेस तर मागची चारही माफ.

तुझा,
दादा

•

मुंबई,
ता. २८ ऑक्टोबर १९७३

ती. स्व. सौ. पद्माबाय हिला,
गुरुदासचा शि. सा. न. वि. वि. दादाकडे माझ्या आळसाची चौकशी केल्याबद्दल आभारी आहे.

दादाने मला ट्राम धरायला सांगितली आहे. मुंबईची ट्राम बंद होऊन नऊ वर्षे झाली, बाय. त्याच्या पुस्तकांतून ती अजून धावते. परवा त्याचे पत्र मी खोलीत मोठ्याने वाचून दाखवले. आम्ही अकराजण पाळीपाळीने झोपतो. त्या दिवशी पाळी असलेलेसुद्धा उठून बसले. आमच्यात सावंतवाडीकडचा बाबुराव म्हणून आहे, तो दादाची नक्कल अशी करतो की तू पाहायला हवी होतीस. चष्मा नाकाच्या टोकावर घेऊन सगळ्यांना विहिरींची नावे विचारतो आणि न सांगणाऱ्याला उभे करतो.

आता तूच सांग. सहा दिवस गिरणीच्या कापडखात्यात गाठी मोजायच्या, आणि सातव्या दिवशी बंदरावर जाऊन पायऱ्या मोजायच्या? मी गेलो नाही. पण नाही म्हटले तर आणखी चार पत्रे येतील. म्हणून विहीर आहे असे कळवून टाकले. बाबुराव म्हणाला की नुसती विहीर बेचव लागते, शिलालेख घाल. मग सगळ्यांनी मिळून तो केला. शके १७४१, पेडणे महालातील सखाराम तांडेल याने गोवेकर हमालांच्या पाण्याची सोय केली. शक माझा, सखाराम बाबुरावाचा. दादा आता महिनाभर आनंदात राहील आणि मी रविवारी झोपेन. यात कोणाचे काय गेले?

हसलीस की कळव.

तुझा,
गुरू

•

पार्से,
ता. १९ नोव्हेंबर १९७३

चि. गुरुदास यास,
दादाचे आशीर्वाद, आणि या वेळी ते नेहमीपेक्षा जास्त आहेत असे समज.

तुझे पत्र शाळेत मिळाले. वर्गावर वाचू नये म्हणून खिशात ठेवले आणि तरीही वाचले. मुलांनी विचारले की मास्तर, डोळ्यांत काय गेले. पेडण्याचा माणूस, दीडशे वर्षांपूर्वी, मुंबईच्या बंदरावर! इतकी वर्षे मी वाचत आलो की या शेठने पाणपोई बांधली, त्या सावकाराने तळे खोदले. दगड उचलणाऱ्यांत आपली माणसे होती, पण कोणाचे नाव दगडावर आले नव्हते. ते तू शोधलेस.

संध्याकाळी दिवा लावल्यावर देवळात बसलेल्या मंडळींना पत्र वाचून दाखवले. पलीकडच्या वाड्यावरची कमलाक्षी तांडेल तुला आठवत असेल. तिचा नवरा मुंबईच्या बंदरावर गेला तो परत आला नाही, त्याला तीस वर्षे झाली. ती दुसऱ्या दिवशी सकाळी नारळ घेऊन आली. सखाराम तांडेल म्हणजे नवऱ्याचा पणजाच असणार असे तिचे म्हणणे. मी म्हटले, नक्की सांगता येत नाही. तिने तेवढी ओळ पुन्हा वाचायला सांगितली. मी पाच वेळा वाचली.

आता एक काम कर. दगडावर पातळ कागद धरून वरून कोळसा हलका घासलास की अक्षरे उठतात. तो ठसा मला पाठव. पायऱ्या किती ते तू लिहायचे विसरलास.

तुझ्या पायांना माझ्यासाठी थोडे दमव, एवढेच मागणे.

दादा

•

मुंबई,
ता. ९ डिसेंबर १९७३

ती. स्व. दादा यांस,
बालके गुरुदासचा शि. सा. न. वि. वि. आपल्या आशीर्वादाने येथे क्षेम आहे.

आपल्या आज्ञेप्रमाणे आज पुन्हा तांडेल गल्लीत जाऊन आलो. पायऱ्या सात आहेत. पाणी गोड आहे, मी ओंजळभर प्यालो. ठसा घेण्याचा पुष्कळ प्रयत्न केला, परंतु दगडाला ओल फार असल्यामुळे कागद विरघळला. शेजारच्या दुकानातला वृद्ध पारशी म्हणाला की आजवर एवढ्या आस्थेने या दगडाकडे कोणी पाहिले नाही. त्याने आपले नाव विचारले आणि आपल्यासारखा माणूस मुंबईत हवा होता असे बोलला.

खोलीतली सर्व मंडळी आपल्या पत्रांची आतुरतेने वाट पाहतात. वहिनींस नमस्कार.

आपल्या चरणांशी असलेला,
गुरुदास

•

सर्वण,
ता. ११ मार्च १९७४

चि. गुरुदास यास,
पद्मावतीचे आशीर्वाद. इकडे सर्व ठीक. आमच्या यांना खाणीच्या ट्रकवर रात्रपाळी लागली आहे, धुळीने खोकतात.

तू हसलीस की कळव म्हणाला होतास, आणि मी हसल्याचे कळवले होते. ते मागे घेते. परवा चार दिवस पार्स्याला जाऊन आले. दादाने मला जेवणाआधी बसवून नववे प्रकरण वाचून दाखवले. वहिनीने दोनदा पाने मांडली आणि दोनदा काढली. सात पायऱ्या, तुझी ओंजळ, तो पारशी, सगळे आहे त्यात. आणि रे, त्याने ‘मी पाहिले’ असे लिहिले आहे. मी विचारले, दादा, तू कुठे पाहिलेस? तर म्हणाला, गुरूने पाहिले ते मी पाहिले, भावाच्या डोळ्यांत आणि माझ्या डोळ्यांत मी फरक करायचा का? त्या बंद झालेल्या ट्राममध्ये बसून तो गल्लीत जातो, असेही आहे.

कमलाक्षी रोज संध्याकाळी देवळात येऊन बसते. पूर्वी ती कोणाशी बोलत नसे. आता शेजारणींना सांगते की आमच्यातल्या माणसाने मुंबईला पाणी पाजले.

म्हापशाच्या छापखान्याशी बोलणे झाले आहे. पावसाळ्यानंतर खिळे जुळवायला घेतील. त्याआधी दादा देवीला कळ्या लावून कौल घेणार आहे. तू त्याला आत्ताच लिही. रागावेल, महिनाभर बोलणार नाही, मग बोलेल. छापून झाल्यावर काही उरणार नाही. तू लिहिणार नसलास तर मी सांगते.

पत्र टाकायला उशीर लावू नकोस. मायेने सांगते आहे तोवर ऐक.

पद्माबाय

•

मुंबई,
ता. २४ मार्च १९७४

ती. स्व. सौ. पद्माबाय हिला,
शि. सा. न. तुझे पत्र पोचले. वाचून झोप आली नाही, हे तुला बरे वाटावे म्हणून लिहितो.

मी त्याला लिहिणार नाही. पुस्तक छापले तर वाचणार कोण? पार्स्यातली पन्नास माणसे, त्यांतली चाळीस मुखपृष्ठ पाहून ठेवतील. मुंबईतला कोणी म्हापशात छापलेले पुस्तक उघडत नाही. कमलाक्षीला तीस वर्षांनी कोणीतरी मिळाला, तो मी काढून घेऊ?

आणि एक सांगतो. मुंबईत राहतो मी, आणि मुंबई मला पार्स्याहून शिकवली जाते. हा रस्ता अमक्याच्या नावाचा, हे तळे तमक्या साली बुजवले. मी त्या तळ्यावर बांधलेल्या चाळीत संडासाच्या रांगेत उभा असतो. त्याची मुंबई पेटीत आहे, कोरडी, स्वच्छ. माझ्या मुंबईबद्दल त्याने एकदाही विचारले नाही. जेवतोस कुठे, झोपतोस किती, काही नाही. पायऱ्या किती. दिवा लावायला तो राहिला आणि मी सुटलो असे सगळे गाव म्हणते. कोण सुटले ते इथे येऊन पाहा.

तू त्याला सांगणार असलीस तर सांग. तू हसल्याचे पत्र माझ्या ट्रंकेत आहे. ‘दादाला बरा शिलालेख चिकटवलास, पोट दुखले’ असे तुझ्या अक्षरात आहे. तेही मग त्याला पाठवीन.

भावजींच्या खोकल्याला अडुळशाचा काढा द्यावा.

गुरू

•

पार्से,
ता. ६ डिसेंबर १९७४

चि. गुरुदास यास,
दादाचे अनेक आशीर्वाद. वि. वि. सोबतच्या पुडक्यात पुस्तक आहे. पहिली प्रत देवीपुढे ठेवली, ही दुसरी.

पहिले पान उघड. अर्पण तुला केले आहे. ‘माझे डोळे, धाकटा भाऊ गुरुदास यास’, एवढेच. वहिनी म्हणाली की आणखी दोन ओळी लिहा, पण मला याहून जास्त काही सुचेना. प्रस्तावनेत लिहिले आहे की यातली एकही गोष्ट ऐकीव नाही. विहीर, पाणपोई, दगड, जे जे लिहिले ते डोळ्यांनी पाहिलेले आहे.

खिळे जुळवण्याआधी देवीला विचारले होते. एकच प्रश्न ठेवला, तांडेल गल्लीच्या तोंडाशी ती विहीर आहे ना. मागे कौलाला अर्धा-पाऊण तास लागलेला मी पाहिला आहे. या वेळी पुजाऱ्याचे गाऱ्हाणे संपायच्या आत उजव्या अंगाची, होकाराची कळी खाली आली. जमलेल्यांनी हात जोडले. मग मी निश्चिंत झालो.

आता खरी गोष्ट. मी मुंबईला येत आहे. आपला चुलतभाऊ कृष्णनाथ आठ दिवस दिवा लावायला तयार झाला. अठरा जानेवारीच्या बोटीने पणजीहून निघेन. एकोणपन्नासाव्या वर्षी प्रथम समुद्रावर बसणार, म्हणून वहिनीने आत्तापासून आवळे सुकवायला घेतले आहेत. मला शहर दाखवू नकोस, वेळ नाही. भाऊच्या धक्क्यावरून थेट तांडेल गल्लीत ने. बाबा जिथे पाणी प्यायले तिथे सात पायऱ्या उतरून बसायचे आहे. कमलाक्षीने विहिरीत सोडायला नारळ दिला आहे आणि सखारामाच्या दगडावर घालायला एक पंचा. तो तिने स्वतः धुऊन घडी घालून आणला.

धक्क्यावर वेळेवर ये. गर्दीत मला तूच ओळखायचे आहेस, मी कोणाला ओळखणार?

तुझा,
दादा

•

मुंबई,
ता. २ जानेवारी १९७५

ती. स्व. दादा यांस,
शि. सा. न. वि. वि. पुस्तक मिळाले. अर्पणपत्रिका वाचली.

कळवण्यास हात धजत नाही. गेल्या आठवड्यात तांडेल गल्लीतील विहीर बुजवली. मी रविवारी गेलो तेव्हा भराव पडला होता. दगड फोडून त्याच भरावात टाकला असे शेजारी म्हणाले. पारशीबाबा दुकान बंद करून मुलाकडे गेला.

आता येऊन काही पाहण्यासारखे नाही. बोटीचा त्रास घेऊ नये. आपल्या वयाला तो सोसणारही नाही. कमलाक्षीला काय सांगायचे ते आपण सांगालच.

आपला,
गुरुदास

•

सर्वण,
ता. ३० एप्रिल १९७५

गुरुदास यास,
पद्मावतीकडून. तू विचारणार नाहीस म्हणून मीच कळवते.

विहीर बुजवल्याचे तुझे पत्र आले त्या दिवशी दादाने डोक्यावरून स्नान केले. कमलाक्षीनेही केले. तो पंचा तिने शापोरा नदीत सोडला. दादाने अन्न घेतले नाही. दुसऱ्या दिवशी त्याने मुंबईच्या एका वर्तमानपत्राला पत्र लिहिले की शहराच्या इतिहासाचा एक दगड फोडला, याची कोणाला तरी लाज वाटावी. खाली नाव, गाव आणि पुस्तकाचे नाव घातले. तू विहीर मारलीस म्हणून तो रडायला गेला, आणि तिथे पकडला गेला.

तिथल्या एका इतिहासाच्या अभ्यासकाने पुस्तक मागवून घेतले आणि दोन माणसे घेऊन तो तांडेल गल्लीत गेला. मार्चमध्ये त्याचा लेख आला. गल्लीच्या तोंडाशी मसाल्याची वखार आहे, तिची भिंत पन्नास वर्षांची, तिथे विहीर नाही, नव्हती, बुजवली तर नाहीच. दगडावरची भाषा त्या काळची नाही. आणि जो गृहस्थ १९७३ साली ट्रामने तिथे गेल्याचे लिहितो त्याने मुंबई स्वप्नातही पाहिलेली नाही. लेखाचे नाव ‘ट्राममधले इतिहासकार’. पेडण्याला शिक्षकांच्या बैठकीत तो एकाने उभा राहून वाचला. दादा दुसऱ्या बाकावर होता. त्याने शेवटपर्यंत ऐकला, मध्ये उठला नाही. आता सकाळी वर्गात गेला की फळ्यावर ट्राम काढलेली असते. तो पुसतो आणि पाढे घेतो.

वर्तमानपत्राने त्याच्याकडे खुलासा मागितला होता. त्याने चार ओळी पाठवल्या. शिलालेख माझ्या कल्पनेतला आहे, विहीरही, यात माझ्या भावाचा काही संबंध नाही. तेही छापून आले. कात्रण पाठवते, खोलीत वाचून दाखव.

मी पार्स्याला गेले आणि त्याला सगळे सांगितले. बाबुराव, शक, माझे हसणे, तुझी धमकी. आता पाठव माझे ते पत्र, मी वाट पाहते. दादाने ऐकून घेतले आणि मला विचारले की जेवूनच जाशील ना. मग दिव्याची वेळ झाली म्हणून उठला. देवळात तो दिवा लावतो तेव्हा कोणी काही बोलत नाही, पण कौलाच्या वेळी पूर्वी त्याला पुढे बोलावत, ते आता बोलावत नाहीत. मास्तराला देवीने खोटे सांगितले की मास्तराने देवीला, असे कोणीतरी बोलले. कमलाक्षी देवळात येत नाही. एक दिवस पुस्तक त्याच्या पायरीवर ठेवून गेली. तिला वाचता येत नाही, तरी उशाशी ठेवत होती.

मी हसले नसते तर तू पहिल्याच पत्रात थांबला असतास का, हे मी रोज स्वतःला विचारते. तूही काहीतरी विचार स्वतःला.

पद्मावती

•

मुंबई,
ता. १८ मे १९७५

ती. स्व. दादा यांस,
शि. सा. न. माफी मागायला तोंड नाही, म्हणून आधी जे पाहिले ते लिहितो. हे पत्र मी खोलीत लिहीत नाही. कोणाला दाखवलेले नाही.

आज मी तांडेल गल्लीत गेलो. दादा, पहिल्यांदा गेलो. खोलीपासून बसने पंचवीस मिनिटे लागतात. तोंडाशी वखारीची भिंत आहे, त्या गृहस्थाने लिहिली तशीच. मी परत फिरलो होतो. पण वखारीचा पहारेकरी मालवणकडचा निघाला. बोली ऐकून त्याने बसवून घेतले. मी विहिरीचे विचारले तेव्हा त्याने माझ्याकडे बराच वेळ पाहिले आणि आत नेले. मिरच्यांच्या पोत्यांच्या मागे, अगदी शेवटी, लाकडी फळ्या टाकलेल्या आहेत. आम्ही दोघांनी सहा पोती सरकवली, डोळ्यांतून पाणी वाहत होते. फळ्या उचलल्या. खाली विहीर आहे, दादा.

पायऱ्या नऊ आहेत. सात नाहीत. कोरलेला दगड नाही, सखाराम नाही, तो आम्हीच केला. डाव्या बाजूला एक कोनाडा आहे, त्यात काजळी अजून आहे. पाण्यावर मिरचीची पूड तरंगत होती, ती बाजूला करून मी प्यालो. गोड आहे. वखार बांधली तेव्हा मालकाने विहीर आत घेतली, आणि नगरपालिकेला कळू नये म्हणून झाकली, असे पहारेकऱ्याने त्याच्या बापाकडून ऐकले आहे. गोव्याचे हमाल यायचे, हेही त्याच्या बापानेच सांगितलेले.

आपण पार्स्यात बसून, एका नकाशातल्या वर्तुळावरून ओळखले होते. देवीने होय म्हटले ते खरे होते. आपण तिला विहिरीचे विचारले होते, दगडाचे नाही. खोटा फक्त मी होतो.

तिथून मी त्या अभ्यासकाच्या घरी गेलो आणि सगळे कबूल केले, आता चला आणि पाहा म्हटले. नाव ऐकल्यावर त्यांनी दार लोटून घेतले. म्हणाले, तुमच्या घराण्याच्या विहिरी पुरे झाल्या.

दादा, वेळ नाही. पंधरा जूनला वखारीत सिमेंटची जमीन करणार आहेत. खडी येऊन पडली आहे. मालक माझे ऐकणार नाही. आपण स्वतः या. बोटी पावसामुळे बंद होतील, म्हणून बसने या, मी पेडण्यापर्यंत न्यायला येतो. एकदा नऊ पायऱ्या उतरा, मग मला काय वाटेल ती शिक्षा करा. आपण आलात की मी आपल्याबरोबर पार्स्याला येईन, देवळात सगळ्यांसमोर सांगेन, कमलाक्षीच्या पायांवर डोके ठेवीन.

फक्त या.

गुरू

•

पार्से,
ता. २९ मे १९७५

श्री. गुरुदास सगुण परब यांस,
भिकाजी परब याचा सा. न. वि. वि.

आपले पत्र पोचले. वर्णन चांगले उतरले आहे. पूर्वीपेक्षा हात बसला आहे. मिरच्यांचा ठसका इथपर्यंत आला. कोनाड्यातली काजळी मला सुचली नसती. शिलालेख नाही असे आपण स्वतःहून लिहिलेत, ते विशेष आवडले. सात सांगितले होते तिथे नऊ केलेत, तेही योग्य. चुकीची कबुली असली की मजकूर खरा वाटतो, असे निबंध शिकवताना मी मुलांना सांगत आलो आहे. मंडळींनी या वेळी मेहनत घेतलेली दिसते. बाबुरावांना माझा नमस्कार सांगावा.

देवीला मात्र मध्ये आणायला नको होते. मी त्यानंतर कौल घेतलेला नाही. दिवा लावतो, काही विचारत नाही.

माझी पत्नी सौ. वत्सला हिने पत्र वाचले. ती म्हणाली की हे खरे असेल, तुम्ही जाऊन या. दोन दिवस तिने माझी पिशवी भरून दाराशी ठेवली होती. काल मी ती रिकामी केली. धक्क्यावर किंवा बसथांब्यावर उतरून मी इकडेतिकडे पाहत उभा आहे आणि समोरच्या उपाहारगृहात अकराजण बसले आहेत, एवढेच मला दिसते. ते तसे नसेलही. पण मला आता दुसरे दिसत नाही.

पेटीतली बावीस पुस्तके पेडण्याच्या वाचनालयाला दिली. माझ्या पुस्तकाच्या उरलेल्या प्रती वाण्याने नेल्या. कागद जाड आहे, पुडी चांगली बसते म्हणाला.

पंधरा जूनला जमीन होणार असल्याचे आपण लिहिलेत. होऊ द्यावी.

उत्तराची तसदी घेऊ नये. आले तरी फोडले जाणार नाही. लोभ होता.

भिकाजी सगुण परब